सैद्धांतिक चौकट आणि वर्गातील भाषा : अमरावती जिल्ह्याच्या संदर्भात

प्रस्तावना

शिक्षणशास्त्रातील प्रबंधांत 'सैद्धांतिक चौकट' या नावाचे प्रकरण बहुधा आढळते. त्यात पियाजे, वायगॉट्स्की, ब्रुनर यांची मते दिलेली असतात. मात्र प्रश्नावली, निरीक्षणसूची आणि निष्कर्ष यांत त्या मतांचा मागमूस राहत नाही. चौकट ही प्रबंधाची शोभा नसून संशोधकाने काय पाहावे, काय विचारावे आणि मिळालेल्या उत्तराचा अर्थ कसा लावावा, हे ठरविणारी संकल्पनांची सुसंगत मांडणी होय. अध्यापनासही हेच लागू पडते. ही बाब अमरावती जिल्ह्यातील भाषेच्या प्रश्नावरून स्पष्ट करणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

प्रश्नाचे स्वरूप

मेळघाटातील धारणी व चिखलदरा तालुक्यांत कोरकू भाषा बोलली जाते. मराठी ही इंडो-आर्यन, तर कोरकू ही ऑस्ट्रो-आशियाई कुळातील मुंडा शाखेची भाषा आहे. मराठीत नामांची तीन लिंगे आहेत. कोरकूत सजीव-निर्जीव हा भेद महत्त्वाचा असून एकवचन व अनेकवचन यांखेरीज द्विवचनही आहे. पहिलीच्या वर्गातील कोरकू बालक 'पाटी फुटला' असे म्हणते किंवा गप्प बसते, अशी कल्पना करू. या एकाच घटनेचे अर्थ चौकटीनुसार बदलतात.

तीन चौकटी, तीन प्रश्न

वर्तनवादी चौकटीत 'पाटी फुटला' ही चुकीची प्रतिक्रिया ठरते. योग्य रूपाचा सराव आणि प्रबलन हा तिच्यावरील उपाय होय. संशोधक येथे पूर्वचाचणी व उत्तरचाचणी घेऊन चुकांची संख्या मोजतो. बालकाच्या मौनाची मात्र या मोजणीत दखल घेतली जात नाही, कारण मौनात मोजता येण्याजोगी चूकच नसते.

वायगॉट्स्की (१८९६-१९३४) यांच्या सामाजिक-सांस्कृतिक चौकटीत भाषा हे विचाराचे साधन आहे. बालक एकट्याने काय करू शकते आणि जाणत्याच्या साहाय्याने काय करू शकते, यांतील अंतर म्हणजे समीपस्थ विकासक्षेत्र. शिक्षकाला कोरकू अवगत नसेल, तर साहाय्याचे माध्यमच नाहीसे होते. मग 'बालक का बोलत नाही?' हा प्रश्न 'बालकाला कोणाचे व कोणत्या भाषेत साहाय्य मिळते?' असा होतो. साहजिकच चाचणीऐवजी वर्गातील संवादाचे निरीक्षण हे संशोधनाचे मुख्य साधन ठरते.

जिम कमिन्स यांनी १९७९ मध्ये मांडलेल्या भाषिक परस्परावलंबनाच्या गृहीतकानुसार पहिल्या भाषेत पक्की झालेली वाचन-विचाराची क्षमता, दुसऱ्या भाषेशी पुरेसा संपर्क असल्यास, तिच्यात संक्रमित होते. या दृष्टीने कोरकू हा मराठीच्या मार्गातील अडथळा नसून मराठीकडे नेणारा पूल आहे. येथे दोन्ही भाषांतील आकलन दीर्घकाळ तपासावे लागते. एका सत्राची चाचणी पुरत नाही.

राज्यघटनेचा अनुच्छेद ३५० क आणि शिक्षणहक्क कायदा, २००९ मधील कलम २९ मातृभाषेतील शिक्षणाला आधार देतात. तथापि कायदा दिशा दाखवितो. उद्याच्या तासाला नेमके काय करावे, यासाठी सिद्धांताचे साहाय्य लागते.

चौकटीचा गैरवापर

हा प्रश्न केवळ डोंगरातला नाही. अमरावती शहरात राजापेठेतील एखादे मूल 'शायेत जाऊन राह्यलो' असे म्हणाले, तर ते 'अशुद्ध' म्हणून दुरुस्त केले जाण्याची शक्यता असते. बेसिल बर्नस्टाइन यांनी सामाजिक वर्गाच्या संदर्भात मर्यादित व विस्तृत भाषिक संकेतांची मांडणी केली. ती वरवर वाचून वऱ्हाडीला 'मर्यादित' ठरविणे हा चौकटीचा गैरवापर होय. कारण बोली आणि संकेत या भिन्न संकल्पना आहेत. विल्यम लबॉव यांनी १९६९ मध्ये अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या इंग्रजीसंबंधी दाखवून दिले की, अप्रमाण समजल्या जाणाऱ्या बोलीलाही स्वतःचे नियम व तर्क असतो. वऱ्हाडीत 'ळ'च्या जागी 'य' येणे किंवा चालू क्रियेसाठी 'राहणे' हे सहायक क्रियापद वापरणे हेही नियमबद्धच आहे. चुकीची चौकट निवडल्यास शिक्षक बालकाच्या घरच्या भाषेलाच न्यून ठरवितो. त्याची किंमत मात्र बालक मोजते.

स्थानिक पडताळा

चौकट परकीय असली तरी तिचा वापर अनुकरणात्मक असण्याचे कारण नाही. ताराबाई मोडक व गिजुभाई बधेका यांनी १९२६ मध्ये नूतन बालशिक्षण संघाची स्थापना केली. पुढे १९४५ पासून बोर्डी येथे व १९५७ पासून कोसबाड येथे ताराबाईंनी अनुताई वाघ यांच्या सहकार्याने माँटेसरी पद्धतीला ग्रामीण व आदिवासी जीवनाशी जोडले. महागड्या साधनांच्या जागी खडे, शिंपले, पाने आली. मुले शाळेत येत नाहीत म्हणून शाळाच अंगणात गेली, गुरे राखणाऱ्या मुलांसाठी कुरणावर भरली. इंद्रियांद्वारे व स्वयंप्रेरणेने शिक्षण हे तत्त्व टिकले. बदलली ती साधने व स्थळ. सिद्धांताचा गाभा कोणता आणि त्याचे बाह्यरूप कोणते, हा विवेक येथे दिसतो.

निष्कर्ष

चौकट निवडताना संशोधकाने तीन कसोट्या लावणे इष्ट ठरेल. चौकटीतील प्रत्येक मुख्य संकल्पनेसाठी साधनात किमान एक प्रश्न वा निरीक्षण आहे काय? चौकटीविरुद्ध जाणारा पुरावा मिळाल्यास तो नोंदविण्याची सोय आहे काय? आणि या चौकटीतून काय दिसणार नाही, हे आरंभीच नमूद केले आहे काय? या प्रश्नांची उत्तरे देणारे संशोधन आकाराने लहान असले तरी मेळघाटातील वा राजापेठेतील शिक्षकाला उपयोगी पडेल. अन्यथा सिद्धांत प्रबंधातच राहील आणि वर्गातले मूल गप्पच राहील.