हरवलेली नऊ नाणी



मंगळवारी हरवलेली कंपासपेटी गुरुवारी बाकाखाली सापडली, तर ती तीच पेटी असते का? “अर्थातच!” असे तुम्ही म्हणाल. पण एक जग असे आहे, जेथे हे उत्तर पाखंड समजले जाते. ते जग कागदावरचे आहे. अर्जेंटिनाचे लेखक होर्हे लुईस बोर्हेस (१८९९–१९८६) यांनी १९४० साली एका कथेत ते रचले. त्याचे नाव ‘त्लोन’.

त्लोनच्या लोकांच्या मते जग म्हणजे वस्तू नव्हेत. एकामागून एक येणाऱ्या मनाच्या अवस्था, एवढेच जग. म्हणून तेथील एका गोलार्धाच्या भाषेत नामेच नाहीत. चंद्र ही वस्तू नाही, ‘चंद्रणे’ ही क्रिया आहे! काळाविषयीही तेथे अनेक पंथ आहेत. एक म्हणतो, भविष्य म्हणजे आत्ताची आशा आणि भूतकाळ म्हणजे आत्ताची आठवण. दुसरा म्हणतो, सगळा काळ केव्हाच होऊन गेला. आपले आयुष्य ही त्याची पुसट आठवण आहे.

तेथील एका पाखंडी विचारवंताने कोडे घातले. मंगळवारी एका माणसाची तांब्याची नऊ नाणी निर्जन रस्त्यावर हरवली. गुरुवारी दुसऱ्याला तेथे चार मिळाली, बुधवारच्या पावसाने जराशी गंजलेली. शुक्रवारी तिसऱ्याला तीन मिळाली आणि पहिल्याला स्वतःच्या घरात दोन. हिशेब नऊचा जुळला. मग मधल्या काळात, कोणी पाहत नसतानाही, नाणी होतीच ना? पंडितांनी उलट विचारले : नऊ रात्री नऊ माणसांना वेदना झाल्या, तर ती एकच वेदना म्हणाल काय?

आपल्या देशात हा वाद कथेत नव्हे, प्रत्यक्षात झाला. बौद्ध दार्शनिकांचा क्षणभंगवाद सांगतो की प्रत्येक वस्तू क्षणोक्षणी नवी असते. नैयायिक विचारीत, मग काल पाहिलेले आज आठवते कोणाला? शंकराचार्यांनीही ब्रह्मसूत्रभाष्यात स्मृतीच्या आधारे या मताचे खंडन केले. बौद्धांचे उत्तर असे की एक क्षण आपला संस्कार पुढच्या क्षणाला देऊन जातो, म्हणून आठवण टिकते. बोर्हेस यांनाही बौद्ध विचाराची ओढ होती. १९७६ साली त्यांनी आलिसिया हुरादो यांच्यासह त्यावर पुस्तक लिहिले.

आमचे मत विचाराल, तर नाण्यांच्या बाबतीत आम्ही पाखंडी विचारवंताच्या बाजूने आहोत. काल दिलेला शब्द आज पाळायचा, तर कालचे ‘आम्ही’ आणि आजचे ‘आम्ही’ एकच असले पाहिजेत.

पण त्लोनची एक गोष्ट मनातून जात नाही. तेथे लोक विसरले की वस्तू पुसट होतात. एक उंबरठा, एक भिकारी तेथे येत होता तोवर टिकला. तो वारला आणि उंबरठा दिसेनासा झाला. आमचे सारे शिक्षण हिंदी माध्यमातून झाले. मराठी आम्हांला आजीकडून, ऐकून मिळाली. आज आमच्याच घरातली मुले उंबरठ्याला ‘देहरी’ म्हणतात. हिंदी आमचीही लाडकी आहे, तक्रार तिच्याविषयी नाही. नाणे कोणी पाहिले नाही तरी रस्त्यावर पडून राहते. शब्दाचे तसे नसते. त्याला रोज कोणीतरी यावे लागते.

पालकहो, आज संध्याकाळी मुलांना घरातला एक जुना शब्द सांगा. आणि विद्यार्थ्यांनो, तो उद्या शाळेत वापरा.