एक वेटोळे कमी केले तर

गिरगावात एखाद्या गल्लीच्या तोंडाशी संध्याकाळी थोडा वेळ उभे राहिले, तर एक दृश्य हमखास दिसते. खाली बसवलेली एक मोटार येते. चाके आणि त्यांवरची कमान यांच्यात बोट शिरेल न शिरेल एवढीच फट असते. समोर गतिरोधक दिसताच गाडी जवळजवळ थांबते, तिरपी होते आणि आधी एक चाक, मग दुसरे असे करत उंचवटा ओलांडू लागते. तरीही पोटाखालून 'खर्र' असा आवाज येतोच. मागचे टॅक्सीवाले हॉर्न वाजवत राहतात.

गाडी खाली बसवण्याची ही हौस दहावी-बारावीच्या मुलांना चांगली ठाऊक असते. शर्यतीच्या गाड्या जमिनीलगत असतात, म्हणून आपलीही असावी. त्यासाठी कुणी 'स्पोर्ट्स स्प्रिंग' बसवतात, कुणी आहे तीच स्प्रिंग कापून घेतात. ऑपेरा हाउसजवळच्या मोटारींच्या सुट्या भागांच्या दुकानांपासून गल्लीबोळातल्या गॅरेजांपर्यंत या विषयावर सल्ला देणारे पुष्कळ भेटतात. 'एक वेटोळे कापले की गाडी दोन बोटे खाली' हा त्यांतला नेहमीचा सल्ला. तो चुकीचा नाही, पण अर्धवट आहे. राहिलेला अर्धा भाग नववीच्या पुस्तकातल्या पदार्थविज्ञानाने सांगता येतो, म्हणून हा विषय आम्ही वर्गासाठी निवडला.

विद्यार्थ्यांना आधी एक प्रश्न विचारावा. स्प्रिंग कापून अर्धी केली तर ती मऊ होईल, कडक होईल की तेवढीच राहील? बहुतेक मुले 'तेवढीच' म्हणतील. तार तीच, पोलाद तेच, मग फरक कसला? काही जण 'मऊ' म्हणतील, कारण स्प्रिंग 'कमी' झाली. 'कडक' म्हणणारे थोडेच निघतील.

उत्तर शोधायला रबरबँड पुरतात. एका रबरबँडला अर्ध्या लिटरची बाटली २०० मि.लि. पाणी भरून टांगावी आणि तो किती ताणला गेला ते मोजावे. मग दोन रबरबँड एकापुढे एक गाठवून तीच बाटली टांगावी. ताण जवळपास दुप्पट येतो, कारण दोन्ही रबरबँडांना तेच पूर्ण वजन पेलावे लागते आणि प्रत्येक जण आपापला वाटा ताणला जातो. नंतर तेच दोन रबरबँड शेजारी शेजारी लावावेत. आता वजन वाटले जाते आणि ताण निम्म्यावर येतो. (रबर हा हुकच्या नियमाचा फारसा आज्ञाधारक विद्यार्थी नाही, त्यामुळे आकडे थोडे इकडेतिकडे होतील. नियमाचा रोख मात्र चुकणार नाही.)

गोल वेटोळ्यांची स्प्रिंग म्हणजे एकापुढे एक जोडलेल्या लहान स्प्रिंगांची रांगच. प्रत्येक वेटोळ्यावर गाडीचे पूर्ण ओझे येते आणि प्रत्येक वेटोळे सारखेच दबते. वेटोळी कमी केली की दबणारे सभासद कमी होतात, म्हणजे तेवढ्याच ओझ्याखाली स्प्रिंग कमी दबते. कमी दबणारी स्प्रिंग कडक.

ट्रकच्या पाट्यांचे याच्या नेमके उलट असते. तेथे पोलादाच्या पट्ट्या एकावर एक रचलेल्या असतात, म्हणजे शेजारी शेजारी लावलेल्या रबरबँडांसारख्या. एक पाटा काढला की उरलेल्यांवर भार वाढतो आणि गाडी मऊ होऊन खाली बसते. म्हणूनच जास्त माल भरणारे टेम्पोवाले एखादा पाटा वाढवून घेतात.

ही दोन्ही तत्त्वे मुंबईकरांच्या एकाच ओळखीच्या गाडीत नांदत होती. कुर्ल्यात बनणाऱ्या प्रीमिअर पद्मिनीला पुढे वेटोळ्यांच्या स्प्रिंगा होत्या आणि मागे पाटे. ताडदेवच्या परिवहन कार्यालयात २९ ऑक्टोबर २००३ रोजी नोंदलेल्या शेवटच्या पद्मिनी टॅक्सीची २० वर्षांची मुदत भरली आणि ३० ऑक्टोबर २०२३ पासून त्या काळ्या-पिवळ्या पद्मिनी रस्त्यावरून गेल्या. हौशी लोकांनी जपलेल्या खासगी पद्मिनी मात्र अजून दिसतात. अशी गाडी चारी चाकांवर खाली आणायची म्हणून कुणी पुढचे एक वेटोळे कापले आणि मागचा एक पाटा काढला, तर गाडी दोन्हीकडून खाली बसेल, पण पुढून कडक झालेली आणि मागून मऊ पडलेली. दिसायला सारखे, वागायला विरुद्ध. हा प्रश्न वर्गात तोंडी परीक्षेला विचारण्याजोगा आहे.

आता थोडे आकडे मांडू. एका पुढच्या चाकावर २०० कि.ग्रॅ. वजन आहे असे समजू. स्प्रिंग चाकाजवळ जवळपास उभी आहे असे धरू (मारुती ८०० च्या पुढच्या चाकांपाशी ती तशीच असे). वेटोळी ८, मोकळी लांबी ४० सें.मी. आणि ओझ्याखाली लांबी २४ सें.मी., म्हणजे स्प्रिंग १६ सें.मी. दबते. प्रत्येक वेटोळे मोकळे असताना ५ सें.मी. जागा घेते, ओझ्याखाली ३ सें.मी. घेते आणि २ सें.मी. दबते. आकडे हिशेब सोपा व्हावा म्हणून घेतले आहेत, पण खऱ्या गाडीपासून फार दूर नाहीत.

एक वेटोळे कापले. उरलेली ७ वेटोळी १४ सें.मी. दबतील आणि स्प्रिंगची लांबी २१ सें.मी. होईल. गाडी ३ सें.मी. खाली आली. कापलेला तुकडा मेजावर ठेवला तर ५ सें.मी. उंच दिसतो, पण गाडी ५ सें.मी. खाली येत नाही. ओझ्याखाली ते वेटोळे जेवढी जागा अडवत होते तेवढीच ती उतरते. (पद्मिनीत पुढची स्प्रिंग चाकापासून आत, आडव्या दांड्यावर बसवलेली असते. तेथे तरफेचा नियम लागतो आणि स्प्रिंग ३ सें.मी. उतरली तर चाकापाशी त्याहून बरेच जास्त उतरते. 'दोन बोटे' म्हणता म्हणता चार बोटे होतात ती यामुळे.)

कडकपणा किती वाढला? आधी १ सें.मी. दाबायला १२.५ कि.ग्रॅ. लागत, आता सुमारे १४.३ लागतात. वाढ जेमतेम १४ टक्के. गाडीच्या हेलकाव्यात याचा फरक किती पडतो, तेही दोऱ्याने दाखवता येते. स्प्रिंगवर वर-खाली होणाऱ्या वस्तूचा आवर्तकाल हा, ती स्प्रिंग त्या वस्तूच्या वजनाने जेवढी दबते तेवढ्या लांबीच्या साध्या दोलकाच्या आवर्तकालाइतकाच असतो. १६ सें.मी. दोरीचा दोलक १० झोके ८ सेकंदांत घेतो, १४ सें.मी.चा साडेसात सेकंदांत. एवढा फरक प्रवाशाला जाणवणेही कठीण.

मग खाली बसवलेल्या गाडीतून उतरणारा माणूस कंबर धरून का उतरतो?

कारण वेगळे आहे. चाक वर उचलले जाते तेव्हा स्प्रिंग आणखी दबायला जागा लागते. ती संपली की रबराचा एक ठोकळा आडवा येतो. त्याचे काम धातूवर धातू आपटू नये एवढेच. आपल्या गाडीत ही जागा मुळात ८ सें.मी. होती असे समजू. गाडी ३ सें.मी. खाली आली म्हणजे आता ५ च उरली. स्प्रिंग किती धक्का पचवू शकते ते तिच्यात साठणाऱ्या ऊर्जेवरून ठरते. ही ऊर्जा कडकपणाच्या प्रमाणात वाढते, पण दबण्याच्या अंतराच्या वर्गाच्या प्रमाणात. ८ चा वर्ग ६४, ५ चा वर्ग २५. मूळ स्प्रिंगसाठी गुणाकाराचे अर्धे काढले तर ४०० येतात, कापलेल्या स्प्रिंगसाठी सुमारे १७९. म्हणजे तीनच सेंटीमीटर खाली उतरून गाडीने धक्का पचवण्याची निम्म्याहून जास्त ताकद गमावली. पेव्हर ब्लॉक खचून झालेला खड्डा पूर्वी स्प्रिंग गिळून टाकत असे. तोच आता ठोकळ्यावर आपटतो आणि तेथून चासीत, चासीतून बसणाऱ्याच्या मणक्यात जातो.

हे नुकसान भरून काढायचे तर स्प्रिंग किती कडक हवी? ६४ भागिले २५, म्हणजे अडीच पटींहून थोडी जास्त. अशी स्प्रिंग २०० कि.ग्रॅ.खाली फक्त सव्वासहा सें.मी. दबेल आणि गाडी सेकंदाला दोनदा उसळ्या मारेल. शर्यतीच्या गुळगुळीत रस्त्यावर हे चालते. लालबाग-परळच्या रस्त्यावर ज्याने त्याने स्वतःच ठरवावे. जर्मनीतील आयबाखसारख्या कारखान्यांच्या स्पोर्ट्स स्प्रिंगा या दोन टोकांच्या मधला मार्ग काढतात. त्यांतल्या बऱ्याच स्प्रिंगांची वेटोळी एका टोकाला दाट आणि दुसऱ्या टोकाला विरळ असतात. ओझे वाढेल तशी दाट वेटोळी एकमेकांना टेकतात आणि कामातून बाद होतात. काम करणारी वेटोळी कमी म्हणजे स्प्रिंग कडक. हाच नियम येथे चालत्या गाडीत वापरला आहे आणि आम्हाला तो फार आवडतो. अशा स्प्रिंगेबरोबर झटके शमवणारे शॉक अॅब्सॉर्बरही त्याच मापाचे घ्यावे लागतात, नाहीतर गाडी उसळत राहते.

कापाकापीतला खरा धोका पुढे आहे. वरच्या गाडीची दोन वेटोळी कापली असे समजा. मोकळी स्प्रिंग ३० सें.मी. उरली आणि गाडी ६ सें.मी. खाली आली. चाक पूर्ण लोंबकळू दिले तर स्प्रिंगसाठी असलेली जागा मात्र पहिल्याएवढीच, म्हणजे ३२ सें.मी. आहे (मूळ २४ अधिक लोंबकळण्याचे ८). ३२ च्या जागेत ३० ची स्प्रिंग सैल पडणार. खोल खड्ड्यात चाक उतरले की स्प्रिंग तिच्या बैठकीवरून सरकू शकते आणि गाडीचे वजन परत येते तेव्हा ती वाकडी बसते. हे वेगात, वळणावर घडले तर काय होईल ते सांगायला नको.

त्यात कापणे बहुधा गॅसच्या ज्योतीने होते. एका गॅरेजात आम्ही स्प्रिंगचे टोक लालभडक झालेले पाहिले. कारागीर त्याच्याकडे कौतुकाने बघत होता. स्प्रिंगच्या पोलादाला काळजीपूर्वक पाणी दिलेले असते. ते तापून सावकाश निवले की त्याचे पाणी उतरते. मग ती जागा मऊ पडते, आणि मऊ भाग व कडक भाग यांच्या सीमेवर स्प्रिंग तुटण्याची भीती राहते. न कापता नुसती तापवून स्प्रिंग 'बसवण्याची' युक्ती तर याहूनही वाईट.

एवढे सारे करून मिळते काय? गुरुत्वमध्य खाली येतो, त्यामुळे गाडी वळणावर घट्ट धरते, असे सांगतात. तत्त्व बरोबर आहे, पण प्रमाण पाहू. गुरुत्वमध्य जमिनीपासून ५५ सें.मी. आणि डाव्या-उजव्या चाकांतील अंतर १३० सें.मी. धरू. गुरुत्वत्वरणाच्या निम्म्या त्वरणाने वळताना आतल्या चाकांवरून बाहेरच्या चाकांवर गाडीच्या वजनाचा सुमारे २१ टक्के भाग जातो. गुरुत्वमध्य ५२ वर आणला तर २० टक्के जातो. फरक एका टक्क्याचा. गाडी कमी कलल्यासारखी वाटते ती मुख्यतः कडकपणामुळे. शिवाय चाकांचा कोन बिघडून टायर आतल्या कडेने झिजू लागतात, हा खर्च निराळाच.

आता पुन्हा गतिरोधकाकडे वळू. इंडियन रोड्स काँग्रेसने १९८८ साली घालून दिलेल्या मापांनुसार गतिरोधक ३.७ मीटर रुंद आणि मध्यभागी १० सें.मी. उंच, १७ मीटर त्रिज्येच्या वर्तुळाचा तुकडा असावा. (जीवेच्या सूत्राने ही तिन्ही मापे जुळतात का ते मुलांकडून ताडून घ्यावे. जुळतात.) पद्मिनीच्या पुढच्या आणि मागच्या चाकांतील अंतर २.३४ मीटर. ती या उंचवट्यावर बरोबर मधोमध आली तर चारही चाके उंचवट्यावरच असतात आणि पोटाखाली फक्त ४ सें.मी. जागा लागते. म्हणजे खाली बसवलेली गाडीही तो सहज ओलांडते. पण गल्लीत रहिवाशांनी घातलेला गतिरोधक हातभर रुंद असतो. त्यावर गाडी आली की चाके दोन्ही बाजूंना सपाट रस्त्यावर असतात आणि उंचवट्याची पूर्ण १० सें.मी. उंची पोटाखाली येते. गतिरोधकाच्या उंचीपेक्षा त्याची रुंदी येथे निर्णायक ठरते. पाच माणसे बसून आणखी दबलेल्या गाडीला तेव्हा तिरपे होण्याशिवाय गत्यंतर नसते.

पावसाळ्यात दादर-परळच्या हिंदमाता परिसरातल्या पाण्यात हेच सेंटीमीटर पुन्हा मोजावे लागतात. इंजिनाचे हवा घेणारे तोंडही गाडीबरोबर तेवढेच खाली आलेले असते. त्यातून पाणी सिलिंडरमध्ये गेले तर ते हवेसारखे दाबले जात नाही आणि पिस्टनचा दांडा वाकतो.

कायद्याचाही उल्लेख करायला हवा. मोटार वाहन कायदा, १९८८ च्या कलम ५२ प्रमाणे, नोंदणीतील तपशील उत्पादकाने मूळ दिलेल्या तपशिलाशी विसंगत होतील असा बदल गाडीत करता येत नाही. जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही हे कलम स्पष्ट केले आहे.

शाळेच्या आवारात एखादी साधी, न कापलेली गाडी उभी असेल तर शेवटचा प्रयोग तिच्यावर करावा. चारही चाकांवरच्या कमानींची जमिनीपासूनची उंची खडूने खुणा करून मोजावी. एकूण वजन २०० कि.ग्रॅ. भरेल असे चार विद्यार्थी आत बसवावेत, दोन पुढे आणि दोन मागे, आणि उंची पुन्हा मोजावी. चारही मापांची सरासरी घट ४ सें.मी. आली तर गाडी सेंटीमीटरला ५० कि.ग्रॅ. कडक आहे. मग नोंदणीपुस्तकात पाहून गाडीचे वजन ८०० कि.ग्रॅ. निघाले, तर ती स्वतःच्या वजनाने सुमारे १६ सें.मी. दबलेली आहे. तेवढ्या लांबीचा दोलक खिडकीत टांगावा, बॉनेट एकदा दाबून सोडावे आणि दोघांची लय जुळते का ते पाहावे. बॉनेट एकाच हेलकाव्यात थांबले तर शॉक अॅब्सॉर्बर चांगले आहेत, आणि लय मोजायला दोन-चार मुलांनी ते तालात दाबत राहावे लागेल.