‘शिंपल्या’चा पटकथाकार

अकिरा कुरोसावा हे नाव जगभरच्या चित्रपटरसिकांना परिचित आहे. मात्र ‘राशोमोन’, ‘इकिरू’ आणि ‘सेव्हन सामुराई’ या तिन्ही चित्रपटांच्या लेखनात सहभागी असलेले शिनोबू हाशिमोतो श्रेयनामावलीपुरतेच उरले.

ह्योगो प्रांतात १९१८ मध्ये जन्मलेल्या हाशिमोतो यांना सैन्यात भरती होताच क्षयाने गाठले. आरोग्यधामात शेजारच्या रुग्णाने दिलेल्या मासिकात त्यांनी प्रथमच पटकथा वाचली. एवढे तर आपल्यालाही लिहिता येईल, असे त्यांना वाटले. त्यांनी आपले लेखन थेट त्या काळचे नामवंत दिग्दर्शक मान्साकू इतामी यांच्याकडे धाडले आणि इतामी त्यांचे गुरू झाले. पुढे अकुतागावा यांच्या कथेवरील त्यांची पटकथा कुरोसावांच्या हाती पडली. तीत भर घालून ‘राशोमोन’ तयार झाला आणि १९५१ मध्ये त्याने व्हेनिस महोत्सवात ‘सुवर्णसिंह’ पटकावला.

दूरचित्रवाणीकडे दुय्यम माध्यम म्हणून पाहिले जात असताना, १९५८ मध्ये हाशिमोतो यांनी तिच्यासाठी ‘मला शिंपला व्हायचंय’ हे नाटक लिहिले. नायक एक साधा न्हावी. युद्धात वरिष्ठांच्या हुकमावरून तो अमेरिकन कैद्यावर संगीन चालवतो आणि युद्ध संपल्यावर युद्धगुन्हेगार ठरून फासावर जातो. पुढचा जन्म माणसाचा नको, समुद्रतळाशी पडून राहणाऱ्या शिंपल्याचा हवा, ही त्याची अखेरची इच्छा! हुकूम देणारा दोषी की पाळणारा, हा प्रश्न पराभवानंतर तेरा वर्षांनी जपानी घराघरांत पोहोचला. युद्धगुन्ह्यांखाली कैद भोगलेल्या तेत्सुतारो कातो यांच्या लेखनातून शिंपल्याची ही कल्पना आली होती. त्यावरून वाद झाला आणि पुढे कातो यांना श्रेय द्यावे लागले. १९५९ मध्ये हाशिमोतो यांनी स्वतःच त्यावर चित्रपट दिग्दर्शित केला.

सत्तेपुढे चिरडला जाणारा सामान्य माणूस हा त्यांचा खरा विषय. मासाकी कोबायाशी यांच्या ‘हाराकिरी’मध्ये (१९६२) सामुराईंच्या प्रतिष्ठेचे पोकळपण उघडे पडते, तेही उलट्या क्रमाने उलगडणाऱ्या कथनातून. ही त्यांची हुकमी पद्धत. १९७३ मध्ये त्यांनी स्वतःची निर्मितीसंस्था काढली. ‘वाळूचा किल्ला’ (१९७४) गाजला. १९८२ चा ‘मायावी सरोवर’ मात्र सपशेल आपटला आणि त्यानंतर त्यांचे लेखन विरळ झाले.

तरीही नव्वदीच्या उंबरठ्यावर त्यांनी ‘शिंपल्या’ची पटकथा पुन्हा हाती घेतली. तिच्यावरील नवा चित्रपट २००८ मध्ये आला. वयाची शंभरी पूर्ण करून जुलै २०१८ मध्ये हाशिमोतो यांचे निधन झाले.