सातबारा आपला, विहीर मात्र नाही

बीड जिल्ह्यातल्या पंपांवर डिझेल टँकरने येतं. मराठवाड्याला लागणारं बरंच इंधन मनमाडजवळच्या पानेवाडी डेपोतून निघतं आणि पानेवाडीपर्यंत ते मुंबईहून 252 किलोमीटर लांबीच्या, जमिनीखालच्या पाइपलाइनने पोचतं. जानेवारी 2024मध्ये टँकरचालकांनी काम बंद केलं, तेव्हा मराठवाड्यातल्या पंपांवर लगेच रांगा लागल्या. मुंबई-मनमाड वाटेवरच्या घाटातले टँकर कमी होतात, ही पाइपलाइनची मोठी सोय. तिची किंमत मात्र ती ज्याच्या रानातून जाते, तो मोजतो.

अशा पाइपलाइनसाठी 1962चा केंद्रीय कायदा आहे. त्यात जमीन विकत घेतली जात नाही, फक्त वापराचा हक्क घेतला जातो. सातबाऱ्यावर नाव शेतकऱ्याचंच राहतं. मोबदला म्हणून बाजारभावाच्या दहा टक्के मिळतात. उभ्या पिकाची, तोडलेल्या झाडांची भरपाई वेगळी. काम संपलं की त्या पट्ट्यात पुन्हा ज्वारी, सोयाबीन पेरता येतं. पण विहीर खणायची नाही, शेततळं नाही, घर नाही, झाडही लावायचं नाही. पट्टा साधारण 18 मीटर रुंद असतो. तो शेतातून सव्वादोनशे मीटर गेला, की एक एकर त्यात अडकलं.

कोरडवाहू मुलखात हे फार जड जातं. बीडच्या सीताफळाला भौगोलिक मानांकन आहे. जिल्ह्यातल्या बालाघाट डोंगररांगेच्या हलक्या, मुरमाड जमिनीत तेच झाड तग धरतं. ज्या रानात विहीर आणि झाड हाच आधार, तिथे नेमकं तेवढंच काढून घ्यायचं आणि दहा टक्के हातावर ठेवायचे, हा हिशेब न्याय्य नाही.

गळतीचा धोका वेगळाच. 2021मध्ये फलटण तालुक्यातल्या सासवड गावात चोरट्यांनी मुंबई-पुणे-सोलापूर पाइपलाइनला भोक पाडलं. पेट्रोल मातीत मुरलं, आसपासच्या विहिरींत उतरलं, पिकं जळाली. विहिरीचं पाणी उपसून टाकता येतं; मातीत मुरलेलं तेल मात्र पुढच्या पावसात पुन्हा झिरपत राहतं.

हरकत घ्यायला कायदा वापराच्या हक्काची अधिसूचना निघाल्यापासून 21 दिवस देतो. बीडमधली लाखो माणसं दिवाळीच्या आसपास ऊसतोडीला बाहेर पडतात, ती थेट उन्हाळ्याच्या तोंडावर परततात. हंगामात अधिसूचना निघाली, तर जमिनीचा मालक कोल्हापूर-सांगलीकडे फडात असतो आणि घरी म्हातारी माणसं.