अडीचशे वर्षांनी परतणारा लाल तारा

पर्न नावाच्या काल्पनिक ग्रहावर, बेंडनच्या डोंगरमाथ्यावर, आरपार भोक असलेली एक शिळा उभी आहे. हिवाळ्यातल्या सर्वांत लहान दिवशी पहाटे त्या भोकात लाल तारा नेमका दिसला, की आकाशातून तंतू बरसण्याचे दिवस आले असं समजायचं. हे चंदेरी तंतू जमिनीवर पडले की झाडं, गुरं, माणसं, जे जे सजीव सापडेल ते फस्त करतात. दगड आणि धातू तेवढे त्यांना भेदता येत नाहीत. म्हणून पर्नची माणसं डोंगर पोखरून राहतात, दारापुढे गवताची काडीही उगवू देत नाहीत आणि आग ओकणारे ड्रॅगन पाळतात. तंतू जमिनीला टेकण्याआधीच ते हवेत जाळून टाकायचे.

ॲन मॅकॅफ्री या अमेरिकी लेखिकेच्या पर्न-मालिकेतली ‘ड्रॅगनफ्लाइट’ ही कादंबरी 1968 साली आली. तिच्या पहिल्या भागाच्या कथेला त्याच वर्षी ह्यूगो पारितोषिक मिळालं. कथात्म लेखनासाठी हा मान मिळवणारी ती पहिली स्त्री. ड्रॅगन आहेत म्हणून बरेच जण या पुस्तकाला परीकथा म्हणतात. पण मला या मालिकेतलं सर्वांत मोठं पात्र लाल तारा वाटतो, आणि तो जादूनं चालत नाही. त्याला कक्षा आहे, म्हणजेच त्याचं गणित मांडता येतं.

मॅकॅफ्रीनं पर्नचा सूर्य म्हणून एक खराखुरा तारा निवडला, धनू राशीतला रुकबात. पावसाळा सरला की ऑक्टोबरच्या सुरुवातीला, संध्याकाळी साडेसातच्या सुमारास महाराष्ट्रातून तो दक्षिणेला क्षितिजापासून साधारण 30 अंशांवर असतो. मंद आहे, शहराच्या उजेडात दिसायचा नाही, पण गावाकडच्या काळोख्या आभाळात शोधता येतो. कादंबरीत तो आपल्या सूर्यासारखा पिवळा आहे. प्रत्यक्षात तो सुमारे 180 प्रकाशवर्षांवरचा निळसर-पांढरा, सूर्याच्या शंभरपटीहून तेजस्वी तारा आहे. असे तारे आपलं इंधन भराभर संपवतात. सूर्याच्या मानानं त्यांना आयुष्य फार थोडं मिळतं, आणि तेवढ्यात एखाद्या ग्रहावर जंगलं आणि प्राणी घडणं अवघडच.

कादंबरीतला पिवळा रुकबात खरा धरून पुढे जाऊ. लाल तारा हा खरं तर भटका ग्रह. तो 250 वर्षांत एक फेरी पूर्ण करतो. केप्लरचा तिसरा नियम सांगतो की प्रदक्षिणेच्या काळाचा वर्ग हा अंतराच्या घनाच्या प्रमाणात असतो. अडीचशेचा वर्ग 62,500. त्याचं घनमूळ सुमारे 39.7. म्हणजे त्याचं सरासरी अंतर पृथ्वी आणि सूर्य यांच्यातल्या अंतराच्या चाळीसपट भरतं. प्लूटोला सूर्याभोवती फिरायला 248 वर्षं लागतात, म्हणजे हा जवळजवळ प्लूटोचाच पल्ला झाला. पण लाल ताऱ्याला पर्नजवळही यायचं आहे, तेव्हा त्याची कक्षा अतिशय लांबुळकी हवी. एक टोक पर्नच्या कक्षेपाशी, तर दुसरं प्लूटोच्या कक्षेपलीकडे, दुप्पट अंतरावर.

खरी अडचण इथेच येते. कादंबरीत तंतूंचा वर्षाव 50 वर्षं चालतो आणि मग 200 वर्षं शांतता असते. केप्लरचा दुसरा नियम मात्र अशा पिंडाला सूर्याजवळ रेंगाळू देत नाही. पर्नच्या अंतरावर त्याचा वेग सेकंदाला 42 किलोमीटरच्या आसपास असेल. गुरूच्या कक्षेच्या आत शिरून परत बाहेर पडायला त्याला जेमतेम दोन-सव्वादोन वर्षं लागतील. मग 50 वर्षं बरसतं काय?

याचं उत्तर मला सिंह उल्कावर्षावात सापडतं. टेम्पल-टटल हा धूमकेतू दर 33 वर्षांनी येतो आणि मार्गावर धुळीचा लांबलचक पट्टा सोडतो. पट्ट्याचा दाट भाग धूमकेतूच्या आसपास असतो. 1998मध्ये धूमकेतू सूर्याजवळून निघून गेला, तरी 1999 ते 2002 या काळात उल्कांची वादळं दिसत राहिली. लाल ताऱ्यानंही दूरच्या गोठलेल्या ढगातून ओढून आणलेला माल आपल्या वाटेवर पसरवला असेल, तर तो स्वतः निघून गेल्यावरही वर्षाव चालू राहील. पृथ्वी अशा पट्ट्यातून वर्षाकाठी काही दिवसच जाते आणि पर्नवर मात्र तंतू वर्षभर पडतात. तेवढी गाठ या उत्तरानं सुटत नाही.

अंतराळातून सजीव बरसतील ही कल्पना विज्ञानातही मांडली गेली आहे. फ्रेड हॉईल आणि चंद्रा विक्रमसिंघे यांनी तिचा हिरिरीनं पुरस्कार केला. आपले जयंत नारळीकर हे हॉईल यांचे विद्यार्थी. त्यांच्या नेतृत्वाखाली इस्रोच्या मदतीनं हैदराबादहून बलून सोडून 41 किलोमीटर उंचीपर्यंतच्या हवेचे नमुने गोळा केले गेले. 2005च्या उड्डाणातल्या नमुन्यांत जिवाणूंच्या तीन नव्या जाती मिळाल्या. एकीला हॉईल यांचं नाव दिलं गेलं. त्या पृथ्वीबाहेरून आल्या असं यातून सिद्ध होत नाही, हे इस्रोनंही स्पष्ट केलं होतं.

लाल तारा भयंकर आहे तो तंतूंमुळे, आणि त्याहून जास्त त्याच्या 250 वर्षांमुळे. माणसाच्या आठवणीला एवढा पल्ला झेपत नाही. एडमंड हॅलीनं आपला धूमकेतू 1758मध्ये परत येईल असं भाकीत केलं होतं. तो आलाही, पण हॅलीला जाऊन तेव्हा 16 वर्षं झाली होती. तिथे फक्त 76 वर्षांचा फेरा होता, शिवाय भाकीत छापलेलं होतं. ‘ड्रॅगनफ्लाइट’मध्ये तर शांतता लांबून 400 वर्षांवर गेली आहे. ड्रॅगनांच्या सहा वसाहतींपैकी पाच ओस पडल्या आहेत, सरदार उरलेल्या एकीला धान्य द्यायला कुरकुरतात आणि त्यांच्या घरांच्या फरशीतून हिरवं गवत डोकावतंय. नायक फ्लार ते गवत पाहतो आणि हादरतो. ज्या जगात हिरवळ दिसली की पोटात गोळा यावा, ते जग मॅकॅफ्रीनं एका काडीत उभं केलं आहे.

पुढे 1991च्या ‘ऑल द वेअर्स ऑफ पर्न’मध्ये माणसं लाल ताऱ्याची कक्षाच सरकवायला निघतात. जुन्या यानांची प्रतिद्रव्यावर चालणारी इंजिनं ड्रॅगनांकरवी तिथे नेऊन उडवतात. पुस्तक आलं तेव्हा कुठल्याही खगोलीय पिंडाची चाल माणसानं बदललेली नव्हती. 26 सप्टेंबर 2022 रोजी नासाचं डार्ट यान डायमॉर्फस या सुमारे 160 मीटरच्या लघुग्रहावर जाऊन आदळलं. मोठ्या जोडीदाराभोवती फिरायला त्याला आधी 11 तास 55 मिनिटं लागत. त्यातला अर्ध्या तासाहून जास्त वेळ कमी झाला. त्या धडकेचा परिणाम जवळून मोजण्यासाठी युरोपचं हेरा यान ऑक्टोबर 2024मध्ये तिकडे निघालं आहे.