तांदूळ ओढणारं भांडं

नकली मालाबद्दल उल्हासनगरला कोणी शिकवू नये. ‘मेड इन यूएसए’ म्हणजे ‘उल्हासनगर सिंधी असोसिएशन’, हा विनोद लोकलच्या डब्यांत केव्हाच म्हातारा झाला. पण आमच्या कॅम्प चारमध्ये शिवलेली जीन्स, नाव कुणाचंही लावा, निदान अंगात घालता येते. महाराष्ट्रात मात्र कित्येक वर्षं एक असा धातू विकला जातोय, जो मुळात अस्तित्वातच नाही. बाजारात त्याला ‘राईस पुलर’ म्हणतात. जरा शिकलेलं गिऱ्हाईक असेल तर ‘कॉपर इरिडियम’.

त्याची कथा ठरलेली. ईस्ट इंडिया कंपनीच्या काळातलं तांब्याचं भांडं, त्यावर कधीतरी वीज पडली, तांब्यात इरिडियम उतरलं आणि तेव्हापासून भांडं तांदळाचे दाणे स्वतःकडे ओढू लागलं. आता नासा, इस्रो किंवा डीआरडीओ त्याला हजारो कोटी मोजायला तयार आहे. फक्त आधी चाचणी व्हायला हवी. शास्त्रज्ञ येणार, रसायनं लागणार, किरणोत्सर्गापासून वाचवणारे पोशाख लागणार. हा खर्च तेवढा ‘पार्टी’ने करायचा. 2018 साली दिल्ली पोलिसांनी पकडलेल्या बाप-लेकांनी असंच एका व्यावसायिकाला सुमारे दीड कोटीला बुडवलं होतं. त्यांच्याकडे चंदेरी पोशाखसुद्धा होते.

दाणे हलतात ते कशाने? तांदळाला लोखंडाची बारीक पूड चोळायची आणि भांड्याखाली चुंबक दडवायचा. नाहीतर घर्षणाने वीज निर्माण करायची, मग हलके कोरडे दाणे आपसूक सरकतात. तांदूळ चुंबकाला दाद देत नाही आणि इरिडियम चुंबक नाही. खऱ्या इरिडियमचा शोध 1803 साली स्मिथसन टेनंट या इंग्रज रसायनशास्त्रज्ञाने लावला. शिशाच्या जवळपास दुप्पट घनतेचा हा धातू 2446 अंश सेल्सिअसला वितळतो. पॅरिसजवळ जपून ठेवलेलं किलोग्रॅमचं प्रमाण वजन 90 टक्के प्लॅटिनम आणि 10 टक्के इरिडियमचं होतं. जगाचं वजन 2019 पर्यंत त्याच्यावर मोजलं जायचं. धातू दुर्मीळ खराच, पण पाहायचाच असेल तर अमेरिकेला जायला नको. मोटारसायकलच्या स्पेअर पार्टच्या दुकानात ‘इरिडियम प्लग’ मागा, काही शे रुपयांत मिळेल. तांदूळ ओढणार नाही, गाडी मात्र चालू होईल.

अशा धातूला नेहमी एक हरवलेली संस्कृती लागते. प्लेटोने ‘क्रिटियस’मध्ये अटलांटिस उभं केलं, तेव्हा त्याला ‘ओरिकॅल्कम’ दिलं. मान सोन्याच्या खालोखाल. राजदुर्गाची भिंत या धातूने आगीसारखी चमके आणि पोसायडनच्या देवळातल्या याच धातूच्या खांबावर राज्याचे कायदे कोरलेले होते. मला हे फार आवडतं. तिथल्या जादूच्या धातूने श्रीमंत कोणी व्हायचं नव्हतं. त्यावर राजाला बांधून ठेवणारे नियम होते. आपला परीस बघा. परिसा भागवताकडचा परीस नामदेवांनी चंद्रभागेत टाकून दिला, अशी कथा आहे. ज्या समाजाने ती रचली, त्याने जादूच्या वस्तूची जागाही ठरवून टाकली: नदीचा तळ. राईस पुलरच्या कथेत मात्र कायदा नाही, संत नाही. आहे फक्त खरेदीदार, तोही दिसत नाही.

सिसिलीतल्या गेला शहराजवळच्या समुद्रात सुमारे अडीच हजार वर्षांपूर्वी बुडालेल्या गलबतातून 39 धातूच्या लगडी निघाल्या. 2015 मध्ये ‘अटलांटिसचा धातू सापडला’ म्हणून मथळे झळकले. तपासणीत काय निघालं? तीन चतुर्थांशाहून जास्त तांबं, बाकी मुख्यतः जस्त. म्हणजे पितळ!

हसू येतं, पण यायला नको. पितळ ही साधी गोष्ट नाही. जस्त 907 अंशांना उकळतं आणि तांबं वितळायलाच 1085 अंश लागतात. धातुकातून जस्त काढू लागलात की त्याची वाफ होते आणि हवा लागली की ती जळून पांढरी पूड उरते. म्हणून ‘रसरत्नसमुच्चया’त वांग्याच्या आकाराची बंद मूस सांगितली आहे. उदयपूरजवळच्या जावरला उलट्या ठेवलेल्या मुशींतून जस्ताची वाफ खाली उतरवून गार करत. युरोपात विल्यम चॅम्पियनने जस्त काढण्याच्या पद्धतीचं पेटंट घेतलं ते 1738 साली, जावरच्या कारागिरांनंतर काही शतकांनी. प्लेटोच्या काळात ओरिकॅल्कम फक्त नावापुरतं उरलं होतं, असं तो स्वतःच म्हणतो. आज तोच धातू इथून जवळच, अंबरनाथच्या आयुध निर्माणीत, काडतुसांसाठी आटवला-लाटला जातो.

कपड्याच्या धंद्यातल्या लोकांसाठी अशाच जादूच्या पदार्थाचा एक किस्सा सांगायलाच हवा. 2009 साली सौदी अरेबियात अफवा उठली की जुन्या सिंगर शिलाई मशीनमध्ये ‘लाल पारा’ नावाचा मौल्यवान पदार्थ असतो. मशीनजवळ मोबाइल नेला आणि रेंज गेली, की पारा आहे असं समजायचं. एकेका मशीनला दोन लाख रियालपर्यंत बोली लागल्याच्या बातम्या तेव्हा आल्या. आमच्या गल्लीतल्या कारागिरांनी ही बातमी ऐकली असती, तर जीन्स शिवणं सोडून मशीनच निर्यातीला काढली असती! पाऱ्याचं लाल संयुग खरोखर आहे, आपण त्याला हिंगूळ म्हणतो. त्यात गंधक आणि पाऱ्यापलीकडे काही नाही.

फसलेले बहुतेक लोक तक्रारच करत नाहीत. काही लाज म्हणून, आणि काही आपणही गुपचूप व्यवहार करायला निघालो होतो म्हणून. गुप्तधनाच्या नावाखाली अघोरी प्रकार करणाऱ्यांसाठी महाराष्ट्रात 2013 चा जादूटोणाविरोधी कायदा आहे. तांदळाच्या भांड्याला तर फसवणुकीचं साधं कलम पुरतं, पण त्यासाठी कोणीतरी पोलिस ठाण्याची पायरी चढायला हवी. सरकारी संस्था माल घेतात ते निविदा काढून, लॉजच्या खोलीत बसून नव्हे. तेव्हा दिवाळीच्या सुट्टीत एखादा लांबचा ओळखीचा भांड्याचा व्हिडिओ दाखवू लागला, तर त्याला निविदेचा क्रमांक विचारा. आणि त्याने आगाऊ खर्च मागितला, तर थेट पोलिसांना कळवा.