ट्रामच्या पुढच्या फळीवर कोण उभा राहणार?

मुंबईच्या ट्रामचा इतिहास लिहिणारे घोडे मोजायला विसरत नाहीत. ९ मे १८७४ रोजी कुलाबा ते पायधुणी आणि बोरीबंदर ते पायधुणी अशी घोड्यांची ट्राम सुरू झाली. कंपनीच्या तबेल्यात नऊशे घोडे होते, हा आकडा वारंवार वाचायला मिळतो. त्या घोड्यांची लीद उचलणारे, रूळ साफ करणारे हात कोणाचे होते, हे विचारण्याची गरज क्वचितच कोणाला वाटते. ७ मे १९०७ ला विजेची ट्राम आली, ७ ऑगस्ट १९४७ ला ती महापालिकेच्या मालकीची झाली, ३१ मार्च १९६४ ला बोरीबंदरहून दादरला शेवटची ट्राम गेली. संपला इतिहास!

जवाहरनगरचा आमचा वाचक म्हणेल, भंडारा जिल्ह्याचा ट्रामशी काय संबंध? खरे आहे, येथे ट्रामचे रूळ कधी पडले नाहीत. पण कारखान्यात राबणाऱ्या माणसाला ट्रामची एक गोष्ट ठाऊक असलीच पाहिजे. ती अमेरिकेतील फिलाडेल्फिया शहराची आहे.

तेथील ट्राम कंपनीत कृष्णवर्णीय कामगार होते. पण कोठे? रूळ दुरुस्त करायला, गाड्या धुवायला. मोटरमन आणि कंडक्टर मात्र गोराच. दुसऱ्या महायुद्धात माणसांची टंचाई होती, तरी रीत बदलेना. सरकारच्या न्याय्य रोजगार समितीने नोव्हेंबर १९४३ मध्ये भेदभाव थांबवण्याचा हुकूम दिला, तेव्हा पुढच्या वर्षी आठ कृष्णवर्णीयांना मोटरमनचे शिक्षण देणे सुरू झाले. फक्त आठ! १ ऑगस्ट १९४४ च्या पहाटे गोऱ्या कामगारांनी गाड्या बंद केल्या. पगारवाढीसाठी नव्हे, बोनससाठी नव्हे. शेजारच्या कामगाराला बढती मिळू नये म्हणून संप! राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांना सुमारे पाच हजार सैनिक शहरात उतरवावे लागले. नोकरी जाईल आणि सैन्यभरतीतील सूटही जाईल, अशी ताकीद मिळाली तेव्हा कोठे संप मोडला. युनियनच्या नेत्यांनी कामावर जा असे सांगितले होते, हे त्यांच्या बाजूने नोंदवले पाहिजे. सभासदांनी ऐकले नाही. वर्ग भाषणात होता, रंग अंगात होता.

'कामगार तेवढा एक' म्हणणाऱ्यांना बाबासाहेबांनी हे आधीच बजावले होते. मुंबईच्या गिरण्यांत अस्पृश्य कामगाराला साचाखात्यात प्रवेश नव्हता. धोट्यातील धागा तोंडाने ओढावा लागे, त्याने म्हणे विटाळ होई! आणि पगार त्याच खात्यात चांगला. १९२८ च्या संपात ही मागणी पुढाऱ्यांनी आपणहून घेतली नाही. बाबासाहेबांनी हट्ट धरला तेव्हा ती मागणीपत्रात आली. फेब्रुवारी १९३८ मध्ये मनमाडला जी.आय.पी. रेल्वेच्या अस्पृश्य कामगारांच्या परिषदेत त्यांनी दाखवून दिले, की आपला माणूस गँगमन म्हणूनच राहतो. पोर्टरची जागाही त्याला मिळत नाही, कारण पोर्टरला स्टेशनमास्तरच्या घरात राबावे लागते. ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे कामगारांचे दोन शत्रू, हे तेथलेच भाषण. फिलाडेल्फियात ट्राम बंद पडल्या तेव्हा तेच बाबासाहेब व्हाइसरॉयच्या मंडळात मजूरमंत्री होते.

आता जवाहरनगरला या. येथील आयुध निर्माणी सरकारी, म्हणून घटनेचे आरक्षण तिच्या फाटकातून आत गेले. मुंबईची ट्राम कंपनीकडून महापालिकेकडे गेली. येथे गाडी उलटी फिरली. ३० जून २०२१ च्या वटहुकमाने संरक्षण उत्पादनातील संपावर बंदी घालण्याचा अधिकार सरकारने घेतला आणि १ ऑक्टोबरला देशभरच्या आयुध निर्माण्या सात कंपन्यांत वाटल्या गेल्या. कंपनी सरकारचीच आहे, आरक्षणही आहे, हे मान्य. पण ठेकेदार माणूस आणतो तेव्हा त्याला आरक्षणाची बिंदुनामावली कोण विचारतो? ज्या बेस्टने ट्राम चालवली, तिच्याच नावाने आज ठेकेदारांच्या बस धावतात आणि ऑगस्ट २०२३ मध्ये त्यांच्या चालकांना पगारासाठी संप करावा लागला. २४ जानेवारी २०२५ ला येथील निर्माणीत स्फोट होऊन आठ कामगार गेले. धोक्याच्या जागी कोण उभा असतो, हा प्रश्न म्हणूनच आम्हाला महत्त्वाचा वाटतो.

जवाहरनगरच्या युनियनांनी मागणीपत्रात एक कलम घालावे: कायम आणि ठेक्यावरचे कामगार कोणत्या खात्यात किती, याचे प्रवर्गनिहाय आकडे व्यवस्थापनाने दरवर्षी जाहीर करावेत. पुढारी का-कू करतील. तेव्हा १९२८ चा हट्ट आपल्यालाच धरावा लागेल.